'पायोनियर लिमिटेड'मधलं 'लिमिटेड'

प्रश्न असा आला आहे : "शिकागो ते मिनियापोलिस रात्रभर धावणाऱ्या 'पायोनियर लिमिटेड' या जुन्या गाडीवर मराठीत लिहितोय. 'लिमिटेड'चं 'मर्यादित' केलं तर चालेल का? आणि त्या एका गाडीची वेगळी कंपनी होती का?"

कंपनी नव्हती. गाडी मिलवॉकी रोड या रेल्वेची. आणि 'मर्यादित' कृपा करून नको. हा शब्द आपल्याकडे पतपेढ्या, साखर कारखाने आणि सोसायट्यांच्या फाटकांवरच्या पाट्यांनी पार ताब्यात घेतलाय. 'पायोनियर मर्यादित' वाचलं की पुढे रजिस्टर नंबर कुठाय, असंच वाटतं. तिथे मर्यादा असते ती भागधारकांच्या जबाबदारीवर. गाडीतली मर्यादा निराळी.

ती मुळात डब्यांवर आणि माणसांवर होती. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडात 'लिमिटेड मेल' धावायच्या. टपाल वेळेत पोचलं पाहिजे, म्हणून प्रवाशांचे डबे मोजकेच. अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया रेल्वेने १८८१ साली न्यूयॉर्क-शिकागो लिमिटेड काढली. तिला फक्त पुलमन कंपनीचे शयनयान डबे आणि वर जादा भाडं. म्हणजे 'लिमिटेड'चा खरा अर्थ 'मोजक्यांसाठी', किंवा स्पष्टच बोलायचं तर 'बाकीच्यांनी पुढच्या गाडीने यावं'. लांब कशाला जा, आपली पंजाब मेल आधी 'पंजाब लिमिटेड' होती. बॅलार्ड पियरला बोटीतून उतरलेल्या गोऱ्या साहेबांना ती थेट पेशावरकडे घेऊन जायची. तिला तिसऱ्या वर्गाचे डबे लागायला १९३० नंतरची वर्षं उजाडावी लागली. आज पंजाब मेलच्या जनरल डब्यात पाय ठेवायला जागा मिळवणाऱ्याला हे सांगून बघा.

गाडीतली माणसं मोजकी, तसे वाटेतले थांबेही मोजके. पुढे माणसांची अट सैल झाली आणि थांब्यांची तेवढी उरली. मुंबईकराला हे समजवावं लागणार नाही. लाल आकड्यांची बेस्टची लिमिटेड त्याने पकडलेली असते, निदान आपल्या स्टॉपवरून सुसाट जाताना तरी पाहिलेली असते. त्या बसला 'मर्यादित' म्हणून कुणी हाक मारली नाही, "लिमिटेड आहे का हो?" असंच विचारलं. मला यापेक्षा मोठा पुरावा नको.

आता पायोनियरकडे. हे नाव पडलं १८९८ साली. शिकागोहून रात्री निघायचं, मिलवॉकी मागे टाकायचं, ला क्रॉसला मिसिसिपी ओलांडायची आणि सकाळी सेंट पॉल, मग मिनियापोलिस. सगळं मिळून सव्वाचारशे मैलांच्या आसपास. झोपून उठलं की माणूस कामावर हजर. गंमत अशी की या गाडीला शयनयानांबरोबर साधे बसायचे डबेही असत. म्हणजे जुन्या कडक अर्थाने ती 'लिमिटेड' नव्हतीच. तोवर हा शब्द दर्जाची खूण झाला होता, आपल्याकडे हॉटेलच्या नावात 'डिलक्स' लागतं तसा. सेंट पॉल-मिनियापोलिस या त्याच जुळ्या शहरांसाठी शिकागो अँड नॉर्थ वेस्टर्न या स्पर्धक रेल्वेची रात्रीची गाडी होती, तिचं नाव 'नॉर्थ वेस्टर्न लिमिटेड'. एकाने लावलं की दुसऱ्याला लावावंच लागतं.

आणखी एक पाहा. मे १९३५ मध्ये याच मिलवॉकी रोडने याच मार्गावर दिवसाची 'हायावाथा' सुरू केली. शिकागो ते सेंट पॉल ४१० मैल, साडेसहा तासांत. वेगात पायोनियर तिच्या आसपासही नाही, पण 'लिमिटेड' मिरवायची पायोनियर. रात्रीच्या गाडीला घाई करून काय करायचं म्हणा! पहाटे तीनला मिनियापोलिसला उतरून कोण कुठे जाणार?

पायोनियर १९७० मध्ये बंद झाली. दुसऱ्याच वर्षी, मे १९७१ला, ॲमट्रॅक ही अमेरिकेची राष्ट्रीय प्रवासी रेल्वे आली. पण शब्द टिकला. शिकागोहून न्यूयॉर्क-बोस्टनला जाणारी ॲमट्रॅकची गाडी आजही 'लेक शोअर लिमिटेड' आहे आणि ती कुणालाही, चांगल्या पुष्कळ ठिकाणी थांबून, घेऊन जाते.

तेव्हा नाव आहे तसं 'पायोनियर लिमिटेड' ठेवा आणि पहिल्या उल्लेखाला 'ही रात्रीची जलद गाडी' एवढं जोडा. 'मर्यादित थांब्यांची' असं लिहायचा मोह होईल, पण १८९८चा अर्थ त्यात येत नाही. 'रातराणी' लिहायची माझी फार इच्छा होती. रात्री निघून सकाळी पोचवणाऱ्या गाडीला याहून देखणा शब्द मराठीत नाही. पण तो एसटीचा. वाचकाच्या डोळ्यांपुढे शिकागोचं युनियन स्टेशन यायच्या ऐवजी पहाटे साडेतीनला ढाब्यावर थांबलेली लाल गाडी येईल, आणि "दहा मिनिटं थांबेल" म्हणणारा कंडक्टर.