फ्रेंच जेवणाचा अभ्यास सुरू करताना

पाककृतींच्या मागे आधी लागू नकोस. जेवण टेबलावर कसं येत होतं, तिथून सुरुवात कर. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत फ्रान्समधल्या श्रीमंत घरांत एका फेरीतले सगळे पदार्थ एकदमच मांडत. हाताशी येईल ते घ्यायचं. आज अस्सल फ्रेंच वाटणारी, एकामागून एक पदार्थ वाढायची रीत तिथे रशियन म्हणून आली. पदार्थ असे क्रमाने वेळेवर यायचे तर स्वयंपाकघरही शिस्तीत चालायला हवं. हे समजलं की एस्कोफिये या नामांकित फ्रेंच शेफचं मोठेपण कळतं: सॉस, भाजणं, गोड असे विभाग करून त्याने स्वयंपाकघरातली कामं नीट बांधून दिली.

आणि राजवाड्यांतच अडकू नकोस, हे मी कळकळीने सांगतोय. पॅरिसच्या ‘बुईयाँ’ खानावळींबद्दल जरूर वाच. दुव्हाल नावाच्या खाटकाने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात कष्टकऱ्यांसाठी स्वस्तात मांस आणि रस्सा द्यायला सुरुवात केली, त्यातून ही परंपरा वाढली. त्यातली १८९६ सालची ‘शार्तिए’ ही खानावळ आजही चालू आहे. ल्यों शहरातल्या ‘बुशाँ’ नावाच्या साध्या खानावळींमध्ये आतड्याचे पदार्थ मानाने वाढतात, माझ्या मते फ्रान्स समजायला बड्या हॉटेलांपेक्षा हीच जागा योग्य.

युनेस्कोने २०१० मध्ये गौरव केला तोही एखाद्या पदार्थाचा नव्हे, तर सणासमारंभाला एकत्र बसून जेवण्याच्या रीतीचा. त्या जेवणात चीज गोडाच्या आधी येतं.