उरुग्वेचा फुटबॉल बचावपटू दिएगो लुगानो कोणकोणत्या क्लबांकडून खेळला?

यादी बरीच लांब आहे. नासिओनाल आणि प्लाझा कोलोनियानंतर 2003 मध्ये तो ब्राझीलच्या साओ पावलो क्लबात गेला आणि तिथेच त्याचं नाव झालं. 2005 मध्ये कोपा लिबर्तादोरेस (दक्षिण अमेरिकेतल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा), मग योकोहामात लिव्हरपूलला 1-0 हरवून क्लब विश्वचषक! पुढे फेनरबाचे, पॅरिस सेंट जर्मेन, मालागा, वेस्ट ब्रॉम, स्वीडनचा हॅकन, पॅराग्वेचा सेरो पोर्तेन्यो आणि शेवटी पुन्हा साओ पावलो.

पण मला तो आठवतो उरुग्वेचा कर्णधार म्हणून. 2010 च्या विश्वचषकात घानाविरुद्ध पूर्वार्धातच दुखापतीमुळे त्याला बाहेर जावं लागलं, उपांत्य सामनाही हुकला. फार चुटपुट लागली होती. पुढच्याच वर्षी मात्र त्याने कोपा अमेरिका, म्हणजे दक्षिण अमेरिकी देशांच्या स्पर्धेचा करंडक उंचावला.