जुन्नरच्या दोन दिवसांचा बेत
हाती दोनच दिवस असतील, तर चार गावे धावत पाहण्यापेक्षा जुन्नरलाच मुक्काम करावा, असे मी आपणांस आग्रहाने सांगेन. पहिल्या सकाळी ऊन तापण्यापूर्वी शिवनेरी चढावा. दुसरा दिवस मात्र नाणेघाटासाठी राखावा, कारण सातवाहन राणी नागनिकेचा ब्राह्मी शिलालेख असलेले लेणे, जकातीचा म्हणून ओळखला जाणारा दगडी रांजण आणि कोकणात उतरणारी प्राचीन व्यापारी वाट हे सारे तेथे एकाच जागी पाहावयास मिळते. परतताना पूर गावचे कुकडेश्वर मंदिर चुकवू नये. तेथील कोरीवकाम मला फार प्रिय आहे. पावसाळ्यात धुके दाटल्यास कड्याच्या टोकाशी जाऊ नये, आणि शिलालेखाच्या झिजत चाललेल्या अक्षरांना, कितीही मोह झाला तरी, हात लावू नये.