वाटी, गडू, बरणी आणि चार ताजी फुलं

घरातल्याच भांड्यांत छोटी पुष्परचना करताना येणाऱ्या अडचणींबद्दल वाचकांनी विचारलेले प्रश्न आणि त्यांची उत्तरं.

चहाच्या मोठ्या कपात फुलं ठेवली की सगळी कडेला कलंडतात आणि मधोमध खड्डा दिसतो. फुलवाल्याकडचा हिरवा स्पंज आणावा का? (डोंबिवली)

स्पंज आणू नका. तो प्लॅस्टिकचाच प्रकार आहे, कुजत नाही. त्यात एकदा पडलेलं भोक बुजत नाही, म्हणून तो पुन्हा वापरताही येत नाही. कपाच्या तोंडावर पारदर्शक चिकटपट्टीची जाळी केली की काम भागतं. कप आधी पाऊण भरा, मग कड अगदी कोरडी पुसा. कड जरा ओली राहिली तरी पट्टी सुटते आणि सगळी रचना एका बाजूला बसते. पट्टी उभी चिरून अर्धा सेंटिमीटर रुंद करा. दोन पट्ट्या उभ्या आणि दोन आडव्या ताणून लावा. टोकं बाहेरून सेंटिमीटरभरच खाली उतरवा, म्हणजे ती पानांआड जातात. आठ सेंटिमीटर तोंडाच्या कपात अशी नऊ घरं होतात. त्यात पाच ते सात काड्या पुरतात, जास्त कोंबू नका.

आधी पाला लावायचा. मनीप्लँटची तीन-चार पानं कडेच्या घरांतून तिरकी घाला, देठाचं टोक समोरच्या भिंतीला टेकलं पाहिजे. काड्या अशा एकमेकींत अडकल्या की पुढची फुलं आपोआप उभी राहतात. सर्वांत मोठं फूल अगदी मधोमध न लावता थोडं बाजूला आणि खाली, कडेला टेकेल असं लावा. कळ्या आणि बारीक फुलं वर जाऊ द्या. कप आठ सेंटिमीटर उंच असेल तर सर्वांत उंच काडी कडेच्या वर बारा सेंटिमीटरपर्यंत चालते. त्यापुढे हलका कप डोलायला लागतो. पाण्याखाली जाणारं प्रत्येक पान खुडा. पाणी दुसऱ्या दिवशी वास मारतं ते बहुतेक वेळा या पानांमुळेच.

जरबेरा दुसऱ्याच दिवशी माना टाकतात. पाणी तर गळ्यापर्यंत भरलेलं असतं. (नाशिक)

बिघडतं ते त्या गळ्यापर्यंतच्या पाण्यामुळेच. जरबेराचा देठ मऊ आणि लवदार असतो, फार बुडाला की बुळबुळीत होऊन कुजतो. मग जिवाणूंनी देठातल्या बारीक नळ्या तुंबतात आणि फुलापर्यंत पाणी चढत नाही. मान पडली म्हणून आणखी पाणी ओतलं की कुजणं वाढतंच. जरबेराला चार-पाच सेंटिमीटर पाणी बास.

आणखी एक गोष्ट तपासा. देठाच्या तळाशी कडक, लालसर टोक असतं, त्यातून पाणी नीट शोषलं जात नाही. तेवढा दोन-तीन सेंटिमीटरचा भाग धारदार सुरीने तिरका कापा. बोथट कात्रीने देठ चेपला जातो. मान पडलेलं फूल लगेच फेकू नका. देठ नव्याने कापा, फूल सरळ धरून वर्तमानपत्रात घट्ट गुंडाळा आणि गार जागी खोल पाण्यात दोन तास उभं ठेवा. देठ कुजलेला नसेल तर मान पुन्हा ताठ होते. मग मात्र कमी पाण्यातच ठेवा. आणि लांब देठाचा मोह सोडा! बारा-पंधरा सेंटिमीटरचा जरबेरा जॅमच्या बरणीत शोभतो आणि टिकतोही जास्त.

पूजेच्या पुडीत झेंडू-शेवंतीची बिनदेठाची फुलं उरतात. त्यांचं काय करावं? (सातारा)

पसरट वाटीत किंवा छोट्या परातीत दोन सेंटिमीटर पाणी घ्या आणि फुलं दाट मांडा. विरळ सोडली तर ती फिरत राहतात, उलटतात, आणि भिजलेल्या पाकळ्या तपकिरी पडतात. फुलाचा खालचा हिरवा भाग तेवढा पाण्याला टेकला पाहिजे. जास्वंद सकाळीच ठेवा, कारण ती पाण्यात असो वा नसो, एका दिवसाचीच. उंची हवी असेल तर झेंडूला खालून खराट्याची हीर टोचता येते, पण हिरेतून पाणी चढत नाही. अशी रचना त्याच दिवसापुरती.

कण्हेर आणि बिट्टी मात्र या वाट्यांत नकोच. दोन्ही झाडं सर्वांगाने विषारी आहेत, त्यांचे देठ बुडालेलं पाणीसुद्धा. खाण्यापिण्याच्या भांड्यांत ती कधीही ठेवू नयेत, घरात लहान मुलं किंवा मांजर असेल तर मुळीच नाही.

तांब्याच्या गडूत फुलं ठेवली तर चालतात का? (कोल्हापूर)

रचनेसाठी गडूसारखं भांडं नाही. अरुंद गळा काड्या स्वतःच धरून ठेवतो, तीन फुलांत काम होतं. मात्र त्यात लिंबू पिळू नका. आंबटाने तांबं पाण्यात उतरतं, पाण्यावर हिरवट झाक येते आणि ते देठांना बाधतं. चिंचेने घासल्यावरही आतून दोन-तीनदा खळखळून धुवा. गळ्यातून आत जाईल अशी काचेची छोटी बाटली असेल तर फुलं तिच्यातच ठेवणं उत्तम.

पाण्यात साखर घालावी का? (ठाणे)

नुसती साखर नको, ती फुलाआधी जिवाणूंना पोसते. घालायचीच तर काचेच्या भांड्यात, लिटरभर पाण्याला एक छोटा चमचा साखर आणि पाव चमचा बिनवासाचं ब्लीच. रोज पाणी बदलणार असाल आणि देठ अर्धा सेंटिमीटर कापणार असाल तर याचीही गरज नाही. रचना पिकलेल्या केळी-आंब्यांशेजारी ठेवू नका. फळांतून निघणाऱ्या इथिलीन वायूने फुलं, विशेषतः कार्नेशन, लवकर मिटतात.

डासांची भीती वाटते. (मुंबई)

रास्त आहे. डेंग्यू पसरवणारा एडिस डास अशाच साठवलेल्या स्वच्छ पाण्यात वाढतो. त्याची अंडी पाण्याच्या रेषेच्या जरा वर, भांड्याच्या भिंतीला चिकटतात. म्हणून नुसतं पाणी ओतून देणं पुरत नाही. दर दोन दिवसांनी भांडं आतून ब्रशने घासा. मनीप्लँटच्या बाटल्याही याच नियमात घ्या, त्या महिनोन्‌महिने कोणी हलवत नाही.