‘चरित्र अभिनेता’ कुणाच्या चरित्रातला?

प्रश्न असा: एरिक कॅम्पबेल या मूकपटातल्या नटावर लिहिताना एकांनी त्याला ‘चरित्र अभिनेता’ म्हटलं. त्यावर मित्राने विचारलं, ‘कुणाच्या चरित्रात होता?’ मग मराठीत म्हणायचं काय?

मित्राचा चिमटा रास्त आहे. ‘चरित्र अभिनेता’ हा हिंदीतून आलेला शब्द. हिंदीत ‘चरित्र’ म्हणजे स्वभाव, शील आणि कथेतलं पात्रही. आपण मात्र ही कामं वाटून टाकली आहेत. शील म्हणजे चारित्र्य, जीवनकथा म्हणजे चरित्र, आणि नाटकातलं माणूस म्हणजे पात्र. ‘चरित्रपट’ तर आपण रोज म्हणतो, त्यामुळे ‘चरित्र अभिनेता’ वाचल्यावर आधी शिवचरित्रच आठवतं. शब्द रुळलाय, चूक म्हणणार नाही. पण मी वापरत नाही.

‘पात्र अभिनेता’? नको. ‘काय पात्र आहे!’ हा आपला शेरा इंग्रजी ‘कॅरेक्टर’च्या अगदी जवळ जातो खरा, पण समास जमत नाही. ‘दुय्यम नट’मध्ये दुय्यम म्हणजे फक्त दुसरा, मूळ फारसी. दुय्यम निबंधकाला त्यात कमीपणा वाटत नाही, नटाला मात्र वाटतो. ‘सहायक अभिनेता’ पुरस्कारांच्या यादीत शोभतो. राहिला ‘सहनट’. साधा, स्वच्छ, पण कॅम्पबेलचं नेमकं काम त्यातून कळत नाही.

ते काम काय होतं बघा. 1916-17 मध्ये चॅप्लिनने म्युच्युअल कंपनीसाठी 12 छोटे मूकपट केले, त्यातल्या 11 मध्ये हा आहे. धिप्पाड देह, कपाळाकडे चढवलेल्या काळ्याभोर भुवया. ‘ईझी स्ट्रीट’मध्ये तो ताकद दाखवायला रस्त्यावरचा गॅसचा दिवा खांबासकट वाकवतो, आणि चार्ली त्याचंच डोकं त्या दिव्यात कोंबून गॅस सोडतो. ‘द इमिग्रंट’मध्ये तो वेटर आहे. चार्लीने दिलेलं नाणं दाताखाली धरतो, ते वाकतं, खोटं निघतं. चार्लीचा चेहरा उतरतो. आपण हसतो चार्लीच्या त्या चेहऱ्याला, पण ते हसू पिकवलेलं असतं कॅम्पबेलच्या दातांनी. डिसेंबर 1917 मध्ये मोटार अपघातात तो गेला. पडद्यावरची एवढीच कारकीर्द.

आता याला आपल्याकडे नेमका शब्द आहे, फक्त तो जुन्या नाटक मंडळ्यांच्या पेटाऱ्यात पडलाय: राक्षसपार्टी. स्त्रीपार्टी, राजापार्टी, तशी राक्षसपार्टी. ही ‘पार्टी’ मेजवानीतली नव्हे. ‘पार्ट’ करणारा तो पार्टी. विष्णुदास भाव्यांच्या वळणाच्या नाटकांत राक्षस अशी काही आरोळी ठोकत येत की त्या नाटकांना ‘अललडुर्र’ असं नावच पडलं. कॅम्पबेल म्हणजे अललडुर्रशिवायचा राक्षसपार्टी. आवाजाचं सगळं काम भुवयांनी केलं.

तेव्हा लेखात पहिल्यांदा ‘चॅप्लिनचा सहनट’ लिहा आणि पुढच्याच वाक्यात ‘राक्षसपार्टी’ येऊ द्या. सगळ्याच सहनटांना मात्र तो चिकटवू नका. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मधले (1913) अण्णा साळुंके तारामती झाले होते, ते स्त्रीपार्टी. आणि बोलताना? सरळ ‘कॅरेक्टर आर्टिस्ट’ म्हणा, सगळे तेच म्हणतात.