बेट्टा माशाचे पंख कुजत असतील तर लगेच अँटिबायोटिक द्यावे का?

लगेच नको. पंखांची कड झिजत असली तरी मासा नीट खात असेल, तर आधी पाण्यातील अमोनिया आणि नायट्राइट (टाकीतल्या घाणीतून तयार होणारी विषारी द्रव्ये) तपासावे. दोन्ही शून्य असायला हवेत, आणि बहुतेक वेळा दोष तिथेच सापडतो. झीज अंगापर्यंत पोहोचली किंवा पाठीवर खोगिरासारखा पांढुरका पट्टा उमटला (हा बहुधा कॉलम्नॅरिस हा जिवाणूंमुळे होणारा रोग, लोक त्याला बुरशी समजून भलतेच औषध घालतात), तर माशाला वेगळ्या टाकीत हलवून, शक्यतो पशुवैद्यकाला विचारून, कॅनामायसिनसारखे अँटिबायोटिक ठरलेल्या मात्रेत पूर्ण मुदत द्यावे. त्या टाकीच्या फिल्टरमधला सक्रिय कोळसा आठवणीने काढावा, कारण तो औषधच शोषून घेतो. कॉलम्नॅरिस उष्णतेने बळावतो, म्हणून पाणी जास्त तापवू नये.