जळगावात हिवाळी भाज्या कधी पेराव्यात?

दसरा झाला, आता लगेच पालक-गाजर टाकू का, असं विचारलंय. थोडं थांबा. आपल्याकडे ऑक्टोबरचं ऊन कडक असतं, त्यात पालक-कोथिंबिरीची उगवण मार खाते. पहाटे गोधडी ओढावीशी वाटली की पेरा. मेथी मात्र आत्ताही चालेल, महिन्याभरात खुडायला येते.

धने अख्खे पेरू नका. चपलेखाली हलके रगडून दोन फाका करा, रात्रभर भिजवा. तरी कोंब दिसायला ८-१० दिवस लागतातच, तेवढ्यात वाफा उकरून बघू नका!

गाजर-मुळा जागेवरच पेरा. काळी माती घट्ट बसते, म्हणून वाफा उंच करून चांगलं कुजलेलं शेणखत मिसळा, नाहीतर गाजराला फाटे फुटतात. कोबी-फ्लॉवरची रोपं आत्तापासूनच विरळ सावलीत तयार करायला घ्या.